चिखलमायचं सांगणं

झोप लागते आहे हे यामिनीला कळतं, कारण मोजताना आकडे मागे जायला लागतात. व्होल्टेज इतकं कमी आहे की पंख्याच्या फेऱ्या मोजता येतात. सदतीस, अडतीस, मग पुन्हा एकतीस. वैशाखातली दुपार आहे, दोन वाजून गेलेत. सोनबोडीच्या अंगणवाडीत सतरंजीवर ती आडवी झाली आहे. भिंतीवर आंबा, ससा आणि छत्री आहेत. चार वाजता तलावाच्या पाळीवर, मातीच्या बांधावर, गावातल्या बाया जमणार आहेत, आणि त्यांच्यासमोर आपल्या तोंडून कोणता आवाज निघेल, हे तिला अजून माहीत नाही.

ही आवाजाची भानगड काय, ते कळायला चिखलमाय कोण, हे आधी सांगावं लागेल.

चिखलमाय ही जुनी देवी नाही. यामिनीच्या मोठ्या बहिणीने, कुमुदने, ती रचली. कुमुद दिघोरे नागपूरला चित्रकला शिकली, पण चित्रं तिने फारशी काढलीच नाहीत. ती माणसं काढायची, आणि तीही स्वतःच्या अंगावर. भंडारा-गोंदियाकडच्या तलावांच्या, गावदेवी मातामायच्या, पाण्यातल्या आसरांच्या गोष्टी ऐकत दोघी बहिणी वाढल्या. त्या गोष्टींच्या शेजारी घर करून राहू शकतील अशी नवीन माणसं कुमुद तयार करायची. बगळ्यांना शाळेत घालणारे गुरुजी. वाऱ्याची हरवलेली चप्पल शोधत फिरणारी म्हातारी. त्यांना चाल द्यायची, खोड्या द्यायची, आणि बाजारात किंवा एसटी स्टँडवर तीन-चार तास ते माणूस होऊन बसायची. शहरातले लोक याला परफॉर्मन्स आर्ट म्हणत. आई म्हणायची, सोंगं. कुमुदला आईचा शब्द जास्त आवडायचा.

अकरा सोंगांमध्ये चिखलमाय सगळ्यात पक्की. ती तलावाच्या पाळीत राहते. अंगभर तलावाचा गाळ, केसांत कमळाचे देठ, आणि ओल्या मातीतून वर आल्यासारखा जाड, अडखळता आवाज. प्रत्येक गावात ती एकच गोष्ट सांगते. त्याला ‘सांगणं’ म्हणायचं. सांगणं खरं असलं पाहिजे, हा कुमुदचा नियम. आणि खरं काय ते बघणं, हे यामिनीचं काम, कारण तिने रसायनशास्त्रात एम.एस्सी. केलेलं आणि नोकरी नागपूरच्या पाणी तपासणाऱ्या प्रयोगशाळेत.

दोन वर्षांपूर्वी भाद्रपदात यामिनीने सोनबोडीच्या पाण्याचे नमुने घेतले. तलावात जंतू निघाले. लांबच्या विहिरीचं पाणी गढूळ होतं. पाळीखालच्या हातपंपाचं मात्र काचेसारखं. त्यातला फ्लोराईडचा आकडा शून्य पॉइंट नऊ, आणि मर्यादा दीडची. कुमुद गाळ फासून पाळीवर बसली आणि चिखलमायने सांगितलं: माझ्या पायथ्याचं पाणी प्या. बायांनी ऐकलं. विहिरीची वाट गवताखाली गेली.

चूक यामिनीची होती. पावसाळ्याच्या शेवटी घेतलेला एक नमुना म्हणजे वर्ष नव्हे. उन्हाळ्यात पाणी खोल जातं आणि खडकातला फ्लोराईड त्यात दाट होत जातो, हे उत्तर तिने परीक्षेत लिहून पूर्ण मार्क मिळवले होते. यंदा चैत्रात तिने त्याच हातपंपाचं पाणी तपासलं. तीन पॉइंट सहा. विहिरीचा आकडा मात्र एकच्या खालीच होता. दुधाचे दात पडून नवे आलेल्या पोरांच्या हसण्यात खडूने ओढल्यासारख्या पांढऱ्या रेघा दिसायला लागल्या होत्या.

तोवर कुमुद उरली नव्हती. जानेवारीत मलेरिया मेंदूत गेला. आठ दिवसांत सगळं आटोपलं.

यामिनी गावात आली, कागद दाखवला. पंचायतीने धोक्याची खूण म्हणून हातपंपाला लाल रंग मारला. बायांनी त्याला शेंदूर समजून आठवड्याच्या आत हळद वाहिली, आणि पुढच्या खेपेला यामिनी आली तेव्हा दांड्यावर झेंडूची माळ होती. मग तिने सरळ सांगून टाकलं. चिखलमाय म्हणजे माझी बहीण. आम्ही दोघींनी घरी बसून रचली. पाण्याची गोष्ट मी सांगितली होती आणि ती चुकली.

अंगणवाडीच्या कौतिकाबाई तिच्याकडे पाहत राहिल्या, लहान पोरीकडे पाहावं तशा.

“तुमची बहीण व्हती, थे आमाले ठाव नाई का वो?” त्या म्हणाल्या. “चांगली पोरगी. माय तिच्यावर येत व्हती.”

“कोणी येत नव्हतं. ती बोलत होती.”

“असंच वाटते, ज्याच्यावर येत नाई त्याले.”

काल शेवटी यामिनीने स्वतःच्याच अंगाला गाळ फासला आणि पाळीवर बसली. तोंड उघडलं तर रेडिओवरच्या हवामानाच्या बातम्या निघाल्या. बायांनी तोंडाला हात लावून हसू दाबलं. एक म्हातारी जवळ आली, तिच्या कपाळावरचा चिखल बोटाने पुसत म्हणाली, “नोको करू बाई जबरदस्ती. तुह्यावर नाई येत थे.” मग तिला दया आली असावी. म्हणाली, उद्या चारला पुन्हा येऊ, पाहू.

तर आता ते उद्याचे चार जवळ आले आहेत. पंखा एकतीसवर आहे.

कुमुद गेल्यापासून यामिनीला काही वाटत नाही. ही तिची तक्रार नाही, निरीक्षण आहे. चहा गरम आहे हे कपाला हात लावला की कळतं. आई रडते आहे हे आवाजावरून कळतं. कळणं आणि वाटणं यांच्यामधली तार कुठेतरी सुटली आहे, आणि ती कुठे सुटली हे शोधण्याची उत्सुकतासुद्धा आता उरलेली नाही.

एकतीस. तीस. एकोणतीस.

पोरांचं वजन करायचा काटा छताच्या हुकाला टांगलेला आहे. त्याच्या झोळीत कुमुद बसली आहे. पाय खाली सोडलेत, हॉस्टेलमधला निळा स्वेटशर्ट घातला आहे, आणि ती नखं खाते आहे.

“उतर,” यामिनी म्हणते. “तो पंचवीस किलोचा काटा आहे.”

“मंग? पाय ना, किती भरलं.”

यामिनी बघते. काटा शून्यावर आहे. ती मनात नोंद करते आणि काट्याची चूक किती असू शकेल याचा विचार करते.

“तू गेलीस ना?”

“गेली. एकोणीस तारखेले. कागदावर सही तुहीच हाय, चांगली वळणदार.” कुमुद एक नख थुंकते. “अन् हे ‘गेलीस ना’ काय वो? दोन वर्सं नागपुरात रायली तं पुस्तकासारखी बोलाले लागली.”

“तूही नागपुरात होतीस.”

“मी शिकाले गेलती. बिघडाले नाई.”

भिंतीवरच्या आंब्याला घाम फुटला आहे. यामिनी उठून बसते. सतरंजी ओली आहे, पण तिला ओल लागत नाही, फक्त सतरंजीचा रंग गडद झालेला दिसतो.

“चार वाजता बाया येणार आहेत,” ती म्हणते. “तो आवाज तू कसा काढायचीस?”

कुमुद हसायला लागते. झोळी गोल फिरते. “चार महिन्याने भेटली, अन् आवाज इचारते. कशी हायस, एवढं तं इचार.”

“कशी आहेस?”

“मेली हाय.”

ही कुमुदची जुनी पद्धत. चांगला प्रश्न मागून घ्यायचा आणि उत्तर फुकट घालवायचं. यामिनीला यावर हसू यायला हवं. ती थोडा वेळ वाट पाहते. येत नाही.

“तीन पॉइंट सहा आला,” ती सांगते.

“ठाव हाय मले.”

“भाद्रपदातला नमुना होता. मी वैशाखात घ्यायला हवा होता. दोन्ही ऋतूंत घ्यायला हवा होता. आकडा माझा होता.”

“व्हय. आकडा तुहा,” कुमुद म्हणते. “अन् तोंड माह्यं.”

आता त्या दोघी प्रयोगशाळेत आहेत, बाकी कोणी नाही. सगळे दिवे चालू आहेत, आणि ओट्यांवर बर्नरच्या जागी चुली मांडलेल्या आहेत, विझलेल्या. कुमुदने नमुन्यांचा फ्रिज उघडला आहे आणि ती वाकून आत बघते आहे, रात्रीची उरलेली भाजी शोधावी तशी. यामिनी तिला सांगायला जाते की फ्रिज जास्त वेळ उघडा ठेवायचा नसतो, तापमान वाढतं. पण आत ज्या बाटल्या आहेत त्या तिच्या ओळखीच्या नाहीत. आठ बाटल्या. प्रत्येकीवर तिच्याच अक्षरात तारीख. बारा जानेवारी. तेरा. चौदा. शेवटची एकोणीस.

“हे कशाचं घेतलं व्हतं?” कुमुद विचारते.

“मला आठवत नाही.”

कुमुद एक बाटली उजेडात धरते, उलटी करते, झाकण उघडून आत डोळा लावते. “सुक्की हाय.”

“दे इकडे.”

“सगळ्याच सुक्क्या हायेत वो. मंग लेबलं काहून लावली?”

प्रयोगशाळेत रिकामी बाटली ठेवणं हा गुन्हा नाही, पण लेबल लावून ठेवणं हा आहे. पुढचा माणूस फसतो. ती बाटल्या एकेक करून घेते आणि ओट्यावर ओळीने मांडते. ओळ अगदी सरळ येते.

“मी रडले नाही,” ती म्हणते.

“पायलं मी. फॉर्म भरत व्हती. आईचा बी अंगठा तूच धरून लावला.”

“आई सही करते. त्या दिवशी तिला जमेना.”

“बरोबर हाय. कोणी तं फॉर्म भरलाच पायजे.” कुमुद हे टोमण्यासारखं म्हणत नाही. टोमणा असता तर बरं झालं असतं, असं यामिनीला वाटत नाही, पण तसं वाटण्याची जागा कुठे असते ते तिला एकदम दिसतं. दार दिसावं आणि त्याला कडी नसावी, तसं.

कुमुद ओट्यावर चढून बसते, दोन चुलींच्या मधे. “सांगणं मागं घ्याचं म्हणतेस तं.”

“घ्यायलाच हवं. त्या मी सांगितलेलं ऐकत नाहीत. मायने सांगितलं तर ऐकतील.”

“अन् मायने कबूल केलं का चुकलं, तं माय कायची?”

“म्हणून तर तुला विचारते आहे.”

“मले नाई इचारत तू. आवाज मागतेस.” कुमुद पाय हलवते. टाचा ओट्यावर आपटतात, आवाज होत नाही. “एक सांगू? थ्या बाया रोज पायटे पानी भरतेत अन् मले हाक मारतेत. ‘माय वो’ म्हणतेत, अन् मंग दांडा हापसतेत. रोज. बाकी कोणी मारते का? आईने माहा फोटो आलमारीत ठेवला, साड्याईच्या खाली. बाबा तं माह्या खोलीच्या दारावरून बी जात नाई. अन् तू? माह्यं नाव घेतलं का एकडाव?”

यामिनी आठवून बघते. प्रामाणिकपणे, महिन्यांच्या क्रमाने. जानेवारीत फॉर्मवर लिहिलं होतं. पण लिहिणं म्हणजे घेणं नव्हे. फेब्रुवारी नाही. मार्च नाही. गावात तिने प्रत्येक वेळी ‘माझी बहीण’ असंच म्हटलं.

“नाही,” ती म्हणते.

“तं पाय. जगात मले हाक मारनारं एक गाव उरलं हाय, अन् थे बी तुले बंद कराचं हाय.”

“पोरांच्या दातांवर रेघा आल्यात.”

“ठाव हाय.”

“हे दातांवर थांबत नाही. पुढे हाडं जातात. गुडघे वाकतात. पंधरा-वीस वर्षं लागतात, पण—”

“ठाव हाय म्हणलं ना मले!”

पहिल्यांदा तिचा आवाज मोठा होतो. चुलींतली राख थोडी उडते आणि खाली बसते.

मग प्रयोगशाळा उरत नाही.

तलावाला पाणी नाही. त्या दोघी तळाशी बसल्या आहेत. गाळ वाळून त्याच्या खापऱ्या झाल्या आहेत, आणि त्या सगळ्या सारख्या आकाराच्या आहेत, हे काही खरं नाही, असं यामिनीला वाटतं. निसर्गात असं होत नाही. वर पाळ दिसते. पाळीवर नागपूरच्या खोलीतला कूलर चालू आहे, आणि त्याच्यासमोर आईचे कपडे वाळत घातले आहेत. दोघींच्या मधे एक सूप आहे, त्यात काही नाही. सोंग रचायला त्या अशाच बसायच्या, मधे काहीतरी निवडायला घेऊन. कुमुद गोष्ट सांगायची आणि यामिनी तिच्यातली भोकं शोधायची. भोक बुजलं की पुढे. सगळी भोकं बुजली की सोंग उभं राहायचं.

“माय पाळीत काहून बसली, हे आपण कधी ठरवलंच नाई,” कुमुद म्हणते.

“तू म्हणालीस, गरज नाही. असते ती, एवढं पुरे.”

“तवा पुरे व्हतं. आता ठरवू. सांग.”

“तू सांग. मी भोकं बघते.”

“मी मेली हाय वो. कितीक काम कराचं मेलेल्या मानसाने? तू सांग. मी भोकं पायते.”

यामिनीने आजवर एकही गोष्ट सांगितलेली नाही. ती सुपात हात फिरवते. रिकाम्या सुपात खडे लागतात, ते ती बाजूला काढते.

“पाळ बांधत होते,” ती म्हणते. “बाया माती तुडवत होत्या. काम झालं. सगळ्या घरी गेल्या. एक राहिली.”

“काहून?”

“तिचे पाय चिखलाने भरले होते.”

“सगळ्याईचेच भरले असतील. भोक हाय.”

“ती हट्टी होती. म्हणाली, पाय धुतल्याशिवाय घरात जाणार नाही.”

“हे आईचं घेतलं तू,” कुमुद खूश होऊन म्हणते. “मंग?”

“तलाव नवीन होता. कोरडा. पाय धुवायला पाणीच नव्हतं. म्हणून ती पाऊस येईपर्यंत पाळीवर बसली.”

“मंग पाऊस आला. धुतले पाय. जा म्हणा घरी. अजून काहून बसली हाय?”

“कारण ती चिखलातच उभी आहे. धुतले की पुन्हा भरतात. म्हणून अजून धुतेच आहे.”

“हां. हे बेस हाय.” कुमुद सुपातला एक खडा उचलून तोंडात टाकते. “कोठी धुते?”

यामिनीचा हात थांबतो. पाळीच्या खाली, पलीकडच्या बाजूला, हातपंपाचा दांडा वर-खाली होताना दिसतो आहे. चालवणारं कोणी नाही.

“तिथे,” ती म्हणते. “पायथ्याशी. म्हणजे ते पाणी पायधुण्याचं आहे. चिखलमाय पाय धुते ते पाणी. ते कोणी प्यायचं नाही.”

ती बहिणीकडे बघते. तिला वाटतं, झालं. गोष्ट बंद झाली.

“भोक हाय,” कुमुद म्हणते. “एवढं मोठं. देवाचं पायधुणं काय करतेत लोक?”

यामिनी आठवते आणि मान खाली घालते. तीर्थ म्हणून पितात. आधी तांब्याने पीत असतील ते मग घागरीने नेतील. बाहेरगावचे लोक बाटल्या भरून नेतील.

“शिकली बापा, पन देवाचं काई ठाव नाई तुले,” कुमुद म्हणते, मायेने. “इचार कर.”

यामिनी विचार करते. कूलरचा वारा येतो आणि लागत नाही. गावात चूक कबूल करताना जे बोलून उपयोग झाला नव्हता तेच पुन्हा तिच्या मनात येतं, आणि आता त्याला वेगळी जागा दिसते.

“ती स्वतःच सांगेल,” ती सावकाश म्हणते. “मायच्याच तोंडून. मी देव नोहो. माती तुडवणारी बाई हावो मी. तुम्ही माझ्या पायाचं पाणी लेकरांना पाजता, मला त्याची लाज वाटते.”

कुमुद चावायची थांबते.

“लाज मायले वाटते का तुले?”

“दोघींना.”

“मंग?”

“मग ती म्हणेल, पाणी तुम्ही विहिरीचं घ्या. गाळून घ्या, उकळून घ्या. मी पाय न धुताच घरी जाते. इतकी वर्षं हट्ट केला, आता सोडला. आणि जाईल.”

“अन् मंग थ्या हाक नाई मारनार.”

“नाही मारणार.”

कुमुद सुपाकडे बघत बसते. तिच्या कपाळावर केसांची एक बट आली आहे. जिवंत असताना ती अशी बट फुंकरीने उडवायची. आता ती तशीच राहू देते. यामिनी भोक सापडण्याची वाट पाहते. असावं एखादं, असं तिला वाटतं की नाही, हे तिला नीट सांगता येत नाही.

“भोक नाई,” शेवटी कुमुद म्हणते. “चांगली केली. माह्यापेक्षा चांगली.” मग स्वेटशर्टच्या खिशात हात घालून ती एक डबी काढते, तंबाखू-सुपारीचा खर्रा खाणाऱ्यांकडे असते तशी, आणि अंगठ्याने उघडते. आत ओला पांढरा चुना आहे. “तोंड उघड.”

“हे काय?”

“आवाज मागत व्हती ना? हा घे. घशात काई जादू नोती. चुना लावत व्हती जिभेले, पानाशिवाय, कोरडाच. जीभ जळाली का जाड व्हते. जाड जिभेने लवकर बोलता येत नाई, खोटं तं बिलकुल नाई. एकेक शब्द ओढून काढा लागते.”

“दर वेळी?”

“दर वेळी. दोन दिवस दही-भात खात व्हती मी, अन् तू म्हणे ॲसिडिटी, गोळी घे.”

यामिनीला त्या गोळ्या आठवतात. तिने पाकीट आणून दिलं होतं, आणि कुमुदने काही न बोलता ते बॅगेत ठेवलं होतं.

“कॅल्शियम हायड्रॉक्साईड आहे हे,” ती म्हणते. “पीएच साडेबारा असतो. जिभेची कातडी—”

“तोंड उघड म्हणलं ना, शहाणे.”

यामिनी तोंड उघडते. कुमुदचं बोट थंड आहे की गरम, ते कळत नाही. जिभेच्या डाव्या बाजूला, टोकाच्या जरा मागे, ती चुन्याचं बोट घासते. आई लहानपणी मध लावायची तसं.

“लागलं?”

“नाही.”

“थांब जरा.”

“कुमुद,” यामिनी म्हणते. चार महिन्यांत पहिल्यांदा. जीभ आधीच जड झाली आहे, त्यामुळे नाव पूर्ण निघायला वेळ लागतो.

कुमुद उठली आहे. ती कूलरच्या दिशेने पाळ चढते आहे, आईचे कपडे बाजूला सारत. तिचे पाय अनवाणी आहेत. “हं,” ती मागे न वळता म्हणते, कोणी घरातून हाक मारली की द्यावी तशी ओ.

मग लागतं.

यामिनी डोळे उघडते तेव्हा पंखा बंद आहे. लाईट गेलेली. अंगाखालची सतरंजी कोरडी. भिंतीवरच्या घड्याळात चारला दहा कमी. तिच्या जिभेवर, डाव्या बाजूला, आग आहे. झोपेत जीभ चावली असेल, हे पहिलं स्पष्टीकरण. ती खिडकीच्या काचेजवळ जाऊन तोंड उघडते. जीभ चावलेली नाही. बोटाच्या पेराएवढा पांढरा डाग आहे, कडेने लाल, वरची कातडी उकललेली. ती खोलीभर बघते. पान नाही, डबी नाही. भिंतींना चुना नाही, ऑइलपेंट आहे. गाळाची बादली हुंगून बघते. गाळच आहे. पुढचं स्पष्टीकरण शोधायला जीभ वेळ देत नाही. डोळ्यांतून पाणी येतं आहे. आगीमुळे, असं म्हणायला ती मोकळी आहे.

दारावर थाप पडते आणि कौतिकाबाई आत येतात.

“बाई, जमल्या बरं सगळ्या पाळीवर. तुमी अजून—” त्या थांबतात. “काय झालं वो? डोळे कायले भरले? तोंड आलं का?”

यामिनी मान हलवते. हो म्हणून की नाही म्हणून, ते तिचं तिलाच माहीत नाही.

“थांबा. पानी घ्या अगुदर. मघाच पंपावरून आणलं, थंडगार हाय.” कौतिकाबाई कोपऱ्यातल्या घागरीतून गिलास भरतात आणि तिच्यापुढे धरतात. पाणी काचेसारखं आहे. जिभेला ते हवं आहे. गेल्या चार महिन्यांत यामिनीच्या शरीराने इतक्या स्पष्टपणे काही मागितलेलं नाही. तिचा हात उठतो, गिलासापर्यंत जातो, आणि तिथेच थांबतो.

“हे,” ती म्हणते. शब्द जिभेवरून सुटत नाही. तो मागून, घशाच्या तळातून, ओढून काढावा लागतो. “हे नोको.”

कौतिकाबाईंचा हात हवेत राहतो. त्या यामिनीच्या तोंडाकडे बघतात, मग डोळ्यांकडे, मग पुन्हा तोंडाकडे. गिलास त्या जमिनीवर ठेवतात, अगदी हळू, पाणी सांडू न देता. आणि दोन्ही हातांनी पदर डोक्यावर घेतात.